निनावी पुतळे जास्त का टिकतात? रीगाची मिल्डा, न्यूयॉर्कची मशाल आणि आपल्याकडचे चौथरे

जुनीवाट

लॅटव्हियाची राजधानी रीगा येथे आज जिथे स्वातंत्र्यस्मारक उभे आहे, तिथे पहिल्या महायुद्धापूर्वी रशियाचा सम्राट पीटर द ग्रेट याचा अश्वारूढ पुतळा होता. १९१५ मध्ये जर्मन फौजा जवळ येऊ लागल्या तेव्हा रशियनांनी तो पुतळा उतरवून जहाजावर चढवला आणि ते जहाज वाटेतच समुद्रात बुडाले. १९१८ मध्ये लॅटव्हिया स्वतंत्र झाला. मोकळ्या झालेल्या त्या जागेवर काय उभारावे यावर बरीच वर्षे चर्चा चालली, १९३१ मध्ये पायाभरणी झाली आणि १८ नोव्हेंबर १९३५ रोजी, म्हणजे स्वातंत्र्यदिनीच, ४२ मीटर उंचीच्या स्मारकाचे अनावरण झाले. कार्लिस झाले या नावाचे शिल्पकार, एर्नेस्ट्स श्टालबर्ग्स हे वास्तुकार, आणि खर्च लोकवर्गणीतून. स्तंभाच्या टोकावर तांब्याची ९ मीटर उंच तरुणी आहे आणि तिने दोन्ही हात वर करून तीन तारे धरले आहेत. कुर्झेमे, विझेमे आणि लाटगाले हे देशाचे तीन प्रांत म्हणजे ते तारे. पायथ्याशी ‘पितृभूमी आणि स्वातंत्र्यासाठी’ एवढीच ओळ कोरलेली आहे. ही तरुणी कोणी राणी नाही, वीरांगना नाही, संतही नाही. गावातले लोक तिला लाडाने मिल्डा म्हणतात.

पुढची गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते. १९४० मध्ये सोव्हिएत संघाने लॅटव्हिया गिळला, मध्ये काही वर्षे जर्मनांची गेली, आणि मग १९९१ पर्यंत पुन्हा सोव्हिएत राजवट राहिली. या राजवटीने स्वतंत्र लॅटव्हियाच्या खुणा पुसण्यात कसूर ठेवली नाही, तरीही राजधानीच्या मधोमध उभे असलेले हे सर्वांत मोठे चिन्ह तिने पाडले नाही. ते वाचवण्यासाठी रीगामध्येच जन्मलेल्या नामवंत सोव्हिएत शिल्पकार व्हेरा मुखिना यांनी रदबदली केली असे सांगितले जाते. कारण काहीही असो, तोडगा निघाला तो अर्थ बदलण्याचा. ही स्त्री म्हणजे रशियामाता आणि तिने प्रेमाने उचललेले तीन तारे म्हणजे एस्टोनिया, लॅटव्हिया व लिथुआनिया ही तीन सोव्हिएत प्रजासत्ताके, असा नवा खुलासा देण्यात आला. तांब्याला ओरखडाही न काढता स्वातंत्र्याच्या पुतळ्याचे पारतंत्र्याच्या पुतळ्यात रूपांतर झाले, निदान कागदोपत्री. त्याच रस्त्यावर थोड्या अंतरावर १९५० मध्ये लेनिनचा पुतळा बसवला गेला. मिल्डाचे तोंड पश्चिमेला आणि लेनिनचे पूर्वेला, मॉस्कोच्या दिशेने.

लोकांनी हा खुलासा मनावर घेतला नाही. स्मारकापाशी फुले ठेवणे हा गुन्हा समजला जाई, म्हणून रीगामध्ये त्याला विनोदाने ‘प्रवासी कंपनी’ म्हणत, कारण फुले ठेवली की सायबेरियाचे तिकीट फुकट मिळे. १४ जून १९८७ रोजी हेलसिंकी-८६ या गटाने १९४१ मध्ये सायबेरियाला धाडल्या गेलेल्या हजारो लोकांच्या स्मरणार्थ तिथे उघडपणे फुले वाहिली आणि सुमारे ५,००० माणसे जमली. त्यानंतर चारच वर्षांनी देश पुन्हा स्वतंत्र झाला. लेनिनचा पुतळा ऑगस्ट १९९१ मध्ये उतरवला गेला आणि १९९२ पासून मिल्डाच्या पायाशी पुन्हा सैनिकांचा मानाचा पहारा सुरू झाला.

एकाच रस्त्यावरचे हे तीन पुतळे पाहा. पीटर गेला, लेनिन गेला, मिल्डा राहिली. माझे म्हणणे असे आहे की, पुतळा कोणाचा आहे हे ज्याच्या चेहऱ्यावर लिहिलेले असते त्याचा निकाल सत्ता बदलली की लगेच लागतो. जो विशिष्ट कोणाचाच नसतो, तो नव्या सत्तेला पाडण्यापेक्षा आपल्या नावावर करून घेणे सोयीचे वाटते. या सोयीमुळे तो टिकतो, आणि टिकून राहिल्यामुळेच पुढे मूळ धन्यांना परत मिळतो.

बुडापेस्टमध्ये हेच उलट्या दिशेने घडले. गेलेर्ट टेकडीवरचा ‘स्वातंत्र्यपुतळा’ १९४७ मध्ये उभा राहिला तो सोव्हिएत फौजांनी हंगेरी मुक्त केल्याबद्दलच्या कृतज्ञतेपोटी, अर्थात त्या फौजा तिथेच मुक्काम ठोकून असताना. झिग्मोंद किशफालुदी श्त्रोब्ल यांनी घडवलेली १४ मीटर उंचीची ती स्त्री दोन्ही हातांनी ताडाचे पान आभाळाकडे धरून उभी आहे आणि तिच्या पायथ्याशी एक सोव्हिएत सैनिक होता. साम्यवादी राजवट कोसळल्यावर पुतळा पाडावा की ठेवावा असा वाद झाला. १९९२ मध्ये काही दिवस तिला पांढऱ्या कापडाने पूर्ण झाकून ठेवण्यात आले, जणू टेकडीवर स्वातंत्र्याचे भूत उभे आहे. कापड निघाले तेव्हा ती तशीच राहिली. सैनिकाची रवानगी शहराबाहेरच्या पुतळ्यांच्या उद्यानात झाली आणि जुना लेख काढून, हंगेरीचे स्वातंत्र्य व समृद्धी यांसाठी प्राण देणाऱ्या सर्वांना वंदन करणारा लेख बसवला गेला. कोणाचे प्राण, कोणत्या लढ्यात, हे नव्या लेखात मुद्दामच मोघम ठेवले आहे.

कीव्हचे उदाहरण तर अगदी कालपरवाचे. नीपर नदीकाठी १९८१ मध्ये उभारलेली ६२ मीटर उंचीची पोलादी मातृभूमी एका हातात तलवार आणि दुसऱ्या हातात ढाल घेऊन उभी आहे. त्या ढालीवरचे कोयता-हातोड्याचे सोव्हिएत चिन्ह ऑगस्ट २०२३ मध्ये, युद्ध चालू असताना, कापून काढले गेले आणि तिथे युक्रेनचा त्रिशूळ बसवला गेला. स्त्री तीच, तलवार तीच, ढालही तीच.

आपल्याकडे स्वातंत्र्याचा पुतळा म्हटले की डोळ्यांसमोर माणसे येतात: गांधीजी, नेताजी, भगतसिंग, सरदार पटेल. स्वातंत्र्य या कल्पनेलाच चेहरा देणारा पुतळा आपण जवळपास घडवलाच नाही. हे आपले उणे आहे की शहाणपण, यावर वाचायला आवडेल.

हडसनतीर

उत्तम धागा. मी न्यू जर्सीच्या बाजूला राहतो. इथून दिसणाऱ्या ‘लिबर्टी’विषयी लिहितो, कारण तुमच्या सिद्धान्ताला ती पाठिंबाही देते आणि थोडी अडचणही करते.

ती न्यूयॉर्कच्या बंदरात स्थलांतरितांचे स्वागत करायला उभी आहे असे आज सर्वजण समजतात. मूळ हेतूत स्थलांतरित कुठेच नव्हते. कल्पना एदुआर द लाबुले या फ्रेंच विधिज्ञाची. ते गुलामगिरीचे कट्टर विरोधक होते, अमेरिकेतील यादवी युद्ध संपून गुलामगिरी नष्ट झाल्याचा त्यांना आनंद होता, आणि फ्रान्समध्ये तेव्हा तिसऱ्या नेपोलियनची बादशाही असल्यामुळे अमेरिकन प्रजासत्ताकाचे कौतुक करणे म्हणजे घरच्या बादशहाला टोमणा मारणेही होते. शिल्पकार बार्तोल्दी यांच्या सुरुवातीच्या आराखड्यात तिच्या डाव्या हातात तुटलेली साखळी होती. अंतिम रूपात तिथे ४ जुलै १७७६ ही तारीख रोमन आकड्यांत कोरलेली पाटी आली आणि साखळी पायांशी गेली. ती आजही तिथे आहे, पण पायघोळ वस्त्राच्या आड आणि चौथऱ्याच्या उंचीवर असल्यामुळे खाली उभ्या असलेल्या माणसाला ती दिसत नाही. ज्या चिन्हासाठी हा सगळा खटाटोप सुरू झाला, ते पाहायला हेलिकॉप्टर लागते.

बार्तोल्दी यांच्या डोक्यात मशालधारी स्त्रीची मूर्ती त्याआधीपासूनच होती, हेही नोंदवण्यासारखे आहे. सुवेझ कालव्याच्या तोंडाशी, हातात दिवा घेतलेल्या इजिप्शियन शेतकरी स्त्रीच्या रूपात एक अवाढव्य दीपगृह उभारावे असा प्रस्ताव त्यांनी इजिप्तचे राज्यकर्ते खेदिव इस्माईल यांच्यापुढे मांडला होता. खर्चामुळे तो बारगळला. म्हणजे निनावी मूर्तीचा अर्थ उभी राहण्याआधीही बदलू शकतो. एका देशात ती प्रगतीचा दिवा होणार होती, दुसऱ्या देशात स्वातंत्र्याची मशाल झाली.

फ्रान्सने पुतळा दिला आणि चौथऱ्याचा खर्च अमेरिकेने करायचा असे ठरले होते. तो जमेना. शेवटी जोसेफ पुलित्झर यांनी १८८५ मध्ये आपल्या ‘न्यूयॉर्क वर्ल्ड’ या वृत्तपत्रातून आवाहन केले आणि वर्गणी कितीही छोटी असली तरी देणाऱ्याचे नाव छापण्याचे वचन दिले. पाच महिन्यांत एक लाखाहून अधिक माणसांनी मिळून सुमारे १ लाख डॉलर दिले आणि त्यांतल्या बहुतेकांची रक्कम एका डॉलरपेक्षा कमी होती. पुतळा तोवर सुटा करून २१४ पेट्यांतून आलेला होता. आयफेल यांनी रचलेल्या लोखंडी सांगाड्यावर जेमतेम अडीच मिलिमीटर जाडीचा तांब्याचा पत्रा चढवून तो उभा राहिला आणि २८ ऑक्टोबर १८८६ रोजी त्याचे अनावरण झाले.

आता अडचण. स्वातंत्र्य या स्त्रीरूपी कल्पनेच्या त्या समारंभात बेटावर स्त्रिया हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच होत्या. मताधिकार मागणाऱ्या स्त्रियांनी बोट भाड्याने घेऊन बंदरातून निषेध केला. ज्या देशात बाईला मत देता येत नाही तिथे बाईच्या रूपात स्वातंत्र्य उभे करणे ही थट्टा आहे, असे त्यांचे म्हणणे होते. कृष्णवर्णीयांच्या ‘क्लीव्हलँड गॅझेट’ या वृत्तपत्राने, दक्षिणेतल्या काळ्या माणसाला सन्मानाने जगता येईपर्यंत ही मशाल पेटवूच नका, अशा अर्थाचे जळजळीत टिपण लिहिले. चिनी कामगारांना देशात येण्यास बंदी करणारा कायदा १८८२ मध्येच झाला होता. तरीही चौथऱ्याच्या वर्गणीसाठी चिनी लोकांपुढेही हात पसरण्यात आला, तेव्हा साउम सोंग बो या चिनी गृहस्थांनी १८८५ मध्ये पत्र लिहून हा आमचा अपमान आहे असे सुनावले. निनावी पुतळा सर्वांचा असतो असे आपण म्हणतो खरे, पण पहिल्याच दिवशी ‘यात आम्ही कुठे आहोत’ असे विचारणारे इतके लोक होते.

स्थलांतरितांचा अर्थ नंतर चिकटला. एमा लाझारस यांनी चौथऱ्याच्या निधीसाठी १८८३ मध्ये लिहिलेली, स्थलांतरितांचे स्वागत करणारी कविता अनावरणाच्या वेळी कोणाच्या स्मरणातही नव्हती. १८९२ मध्ये शेजारच्या एलिस बेटावर स्थलांतरितांचे तपासणी केंद्र सुरू झाले आणि येणाऱ्या प्रत्येक बोटीतून ती आधी दिसू लागली. कवितेचा ब्राँझचा पत्रा १९०३ मध्ये आत बसवला गेला, तेव्हा लाझारस यांना जाऊन सोळा वर्षे झाली होती. त्यामुळे सरकारे अर्थ बदलतात हे रीगाच्या बाबतीत खरे असले तरी, इथे तो बदलला बोटींच्या कठड्याला टेकून उभ्या असलेल्या माणसांनी.

तिसरी घंटा

धागा माहितीपूर्ण आहे, पण निष्कर्ष सोयीच्या उदाहरणांवर उभा आहे असे मला वाटते. दोन प्रतिउदाहरणे देतो.

पहिले हनोईचे. न्यूयॉर्कच्या या लिबर्टीची एक छोटी प्रतिकृती फ्रेंचांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हनोईत आणली. ज्यांना गुलाम केले त्यांच्याच शहरात स्वातंत्र्यदेवी बसवण्यामागे कोणते तर्कशास्त्र होते ते फ्रेंचच जाणोत. ऑगस्ट १९४५ मध्ये, शहराचा कारभार व्हिएतनामी महापौरांकडे आल्यावर, वसाहतवादाच्या इतर पुतळ्यांबरोबर तीही खाली ओढली गेली. ती निनावी होती, कल्पनेचे रूप होती, सत्तेला आपल्या नावावर करून घेता येईल अशी होती, तरीही तिला कोणी ठेवले नाही. कारण ती कोणी आणून बसवली हे लोकांना पक्के ठाऊक होते. पुतळ्याला नाव नसले तरी बसवणाऱ्याला नाव असतेच.

दुसरे बीजिंगचे. ३० मे १९८९ रोजी केंद्रीय ललित कला अकादमीच्या विद्यार्थ्यांनी तियानआनमेन चौकात, माओच्या तसबिरीच्या बरोबर समोर, सुमारे १० मीटर उंचीची ‘लोकशाहीची देवी’ उभी केली. लोखंडी सांगाडा, त्यावर फोम आणि कागदाचा लगदा. ती घडवायला मोजके दिवस मिळाले, म्हणून त्यांनी दोन्ही हातांनी काठी धरलेल्या पुरुषाची आधीच तयार असलेली अभ्यासमूर्ती घेतली आणि तिचेच स्त्रीत रूपांतर करून हातात मशाल दिली. अमेरिकेची नक्कल वाटू नये याची काळजीही त्यांनी घेतली होती. मूर्ती इतकी मोठी ठेवली की ती गुपचूप सोडवून नेता येऊ नये, काढायची तर सर्वांदेखत फोडावी लागावी. ४ जूनच्या पहाटे ती रणगाड्यांच्या साक्षीने पाडली गेली. पाच दिवसांचे आयुष्य. तिची एक प्रतिकृती हाँगकाँगच्या चिनी विद्यापीठात २०१० पासून उभी होती, तीही २४ डिसेंबर २०२१ रोजी हलवण्यात आली. तुमच्या सिद्धान्ताप्रमाणे चिनी सरकारने तिचा वेगळा खुलासा करून तिला ठेवून घ्यायला हवे होते.

मुलुखगिरी

मूळ प्रश्न आपल्याकडच्या पुतळ्यांचा होता, त्याकडे वळतो. आपण कल्पनेचा पुतळा घडवला नाही, यामागे कल्पनादारिद्र्य नसून एक खरी अडचण होती असे माझे मत आहे. युरोपात स्वातंत्र्याला ग्रीक-रोमन देवीचे रूप देता आले, कारण त्या देवींची पूजा करणारे कोणी उरलेले नव्हते. आपल्याकडे देवी म्हटली की ती जिवंत असते, तिला हळदकुंकू लागते, तिचा पक्ष होतो आणि ज्यांची ती देवी नाही ते बाजूला पडतात. अवनींद्रनाथ ठाकुरांनी १९०५ च्या सुमारास रंगवलेली भारतमाता भगव्या वस्त्रांतली चतुर्भुज जोगीण होती. चित्रापुरते ते चालले, पण तीच मूर्ती संसदेसमोर चौथऱ्यावर बसवायची म्हटले असते तर काय झाले असते याचा विचार करावा.

या अडचणीवर काशीमध्ये निघालेला तोडगा मला विलक्षण वाटतो. तिथल्या भारतमाता मंदिराचे उद्घाटन १९३६ मध्ये गांधीजींनी केले. बाबू शिवप्रसाद गुप्त यांनी बांधवलेल्या या मंदिरात मूर्तीच नाही. गाभाऱ्याच्या जागी अखंड हिंदुस्थानचा संगमरवरात कोरलेला उठावाचा नकाशा आहे, त्यात डोंगर, नद्या, पठारे, समुद्र आहेत. मातेला चेहरा देण्याचे त्यांनी टाळले आणि जमीनच दाखवली.

दुसरा तोडगा देवीप्रसाद रायचौधुरी यांचा. दिल्लीत ‘ग्यारह मूर्ती’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या दांडीयात्रेच्या शिल्पात पुढे गांधीजी आहेत, पण मागून येणारी दहा माणसे कोणी विशिष्ट पुढारी नाहीत. पेहरावावरून ती वेगवेगळ्या धर्मांची आणि थरांची आहेत हे कळते, नावे कळत नाहीत. एक नाव आणि दहा अनामिक हे प्रमाण मला स्वातंत्र्यलढ्याच्या खऱ्या हिशेबाच्या जवळचे वाटते. त्यांचेच पाटण्याचे हुतात्मा स्मारक पाहावे. ११ ऑगस्ट १९४२ रोजी सचिवालयावर तिरंगा फडकवायला निघालेले सात विद्यार्थी गोळीबारात मारले गेले. त्या सातही जणांची नावे इतिहासाला ठाऊक आहेत, पण शिल्पात दिसते ती एकमेकांच्या आधाराने पुढे झेपावणारी रांग. काही कोसळत आहेत, काही कोसळण्याच्या बेतात आहेत आणि झेंडा पुढेच चालला आहे. इथे नाव असणे आणि नसणे हा भेदच गळून पडतो. त्यामुळे ‘नावाचा की बिननावाचा’ अशी दोनच कप्प्यांची मांडणी भारतासाठी पुरी पडत नाही, असे मी म्हणेन.

मांडवीकाठ

गोव्याची भर घालते, कारण आमच्याकडे १९६१ पर्यंत पोर्तुगीज होते आणि पुतळ्यांची उचलाठेव डोळ्यांसमोर झाली आहे.

पणजीच्या आझाद मैदानात जुन्या खांबांचा एक सुंदर मंडप आहे. एकोणिसाव्या शतकात तो उभारला गेला, १५१० मध्ये गोवा जिंकणाऱ्या आफोंसो द आल्बुकेर्कच्या पुतळ्यासाठी. तो पुतळा आता जुन्या गोव्यात, पुरातत्त्व खात्याच्या संग्रहालयात आहे. मंडप पाडला गेला नाही. गोव्याच्या राष्ट्रीय चळवळीचे जनक टी. बी. कुन्हा यांचे १९५८ मध्ये, गोवा मुक्त होण्यापूर्वीच, मुंबईत निधन झाले. त्यांचे अवशेष पुढे पणजीत आणून याच मैदानात ठेवण्यात आले. विजेत्यासाठी बांधलेल्या छपराखाली ज्याने त्या विजयाचा शेवट मागितला त्याची स्मृती आली. हा बदल मला कोणत्याही नव्या पुतळ्यापेक्षा अधिक बोलका वाटतो.

पोर्तुगीज महाकवी कामोइंश यांचा ब्राँझचा पुतळा मात्र वेगळ्या वाटेने गेला. तो जुन्या गोव्यातील चर्चच्या प्रांगणात १९६० मध्ये, म्हणजे सत्ता जाण्याच्या अगदी तोंडावर बसवला गेला होता. मुक्तीनंतर कितीतरी वर्षे तो तिथेच उभा होता आणि पुढे त्यावरून वातावरण तापल्यावर त्यालाही त्याच संग्रहालयात हलवण्यात आले. कवी म्हणून त्याला सूट मिळावी असे म्हणणारे होते, वसाहतवादाचा भाट म्हणून तो नको असे म्हणणारेही होते. संग्रहालयात आज आल्बुकेर्क आणि कामोइंश एकाच छपराखाली आहेत. फोडण्यापेक्षा हे बरे, असे माझे स्पष्ट मत आहे.

तिसरे, मडगावचे लोहिया मैदान. १८ जून १९४६ रोजी डॉ. राममनोहर लोहिया यांनी तिथे बंदी मोडून सभा घेतली आणि त्यांना अटक झाली. आजही तो दिवस गोव्यात क्रांतिदिन म्हणून पाळला जातो. तिथे लोहियांचाच पुतळा आहे आणि तो असायलाच हवा. त्या जागी मशाल घेतलेली कोणी अनाम देवी बसवली असती तर मडगावच्या माणसाला तिचे काय वाटले असते? जागा, दिवस आणि माणूस एकत्र आले की नाव लागतेच.

जुनीवाट

सर्वांचे आभार. प्रतिसाद वाचून माझे म्हणणे अधिक काटेकोरपणे मांडतो.

‘तिसरी घंटा’ यांच्या बीजिंगच्या उदाहरणाबद्दल: ती देवी सत्तेला वारशात मिळालेली नव्हती, ती सत्तेच्या तोंडावर उभी केलेली होती. ती ठेवणे म्हणजे चौक आंदोलकांना देणे. रीगा, बुडापेस्ट, कीव्ह येथे नव्या राज्यकर्त्यांना मागच्या राज्यकर्त्यांचा पुतळा मिळाला होता. वारशात मिळालेल्या निनावी पुतळ्यापुरतेच माझे विधान आहे. हनोईचे उदाहरण मात्र याच कप्प्यातले असूनही माझ्या विरुद्ध जाते आणि त्यामागचे तुम्ही दिलेले कारण मला पटते. मिल्डा लोकवर्गणीतून उभी राहिली होती, हनोईची मूर्ती परक्या सत्तेने आणली होती. म्हणजे निनावीपणाइतकेच, बसवताना पैसा आणि इच्छा कोणाची होती हेही महत्त्वाचे ठरते.

पण एवढ्यानेही हिशेब पुरा होत नाही. हैतीची राजधानी पोर्ट-ओ-प्रिन्स येथे अल्बेर मांगोनेस यांनी घडवलेला ‘अनाम पळपुटा गुलाम’ आहे. एक गुडघा टेकलेला, घोट्यात तुटलेली बेडी, एका हातात कोयता, आणि मान मागे टाकून शंख फुंकणारा पुरुष. गुलामांनी बंड करून १८०४ मध्ये मिळवलेल्या स्वातंत्र्याचे इतके नेमके शिल्प दुसरे नसेल. ते १९६० च्या दशकात फ्रांस्वा दुव्हालिए यांच्या कारकिर्दीत उभे राहिले, म्हणजे ज्या हुकूमशहाच्या काळात हैतीचे लोक जीव मुठीत धरून जगत होते त्याच्याच आशीर्वादाने. तरी दुव्हालिए घराण्याची सत्ता १९८६ मध्ये गेल्यावरही हा शंख फुंकणारा तिथेच राहिला. इथे बसवणाऱ्याचे नाव पुतळ्याला चिकटले नाही. मला याचे कारण असे दिसते की हैतीच्या माणसाने त्यात हुकूमशहाला पाहिले नाही, स्वतःच्या खापरपणजोबाला पाहिले.

याच्या उलट सेनेगलमधील डकारचे ‘आफ्रिकी पुनरुत्थान स्मारक’. स्वातंत्र्याच्या पन्नाशीनिमित्त एप्रिल २०१० मध्ये अनावरण झालेली ४९ मीटर उंचीची पुरुष, स्त्री आणि बालक यांची ही मूर्ती उत्तर कोरियाच्या मानसुदे कंपनीने घडवली. तेही निनावी, तेही एका कल्पनेचे रूप, आणि उंचीला न्यूयॉर्कच्या मूर्तीपेक्षाही जास्त. पण देशात आर्थिक ओढाताण असताना झालेला अवाढव्य खर्च, स्त्रीच्या तोकड्या वस्त्रांवर इमामांनी घेतलेला आक्षेप, आणि कल्पना माझी म्हणून पर्यटनाच्या उत्पन्नातला ३५ टक्के वाटा मला हवा, हा तत्कालीन राष्ट्राध्यक्ष अब्दुलाये वाद यांचा दावा यांमुळे ते लोकांच्या मनात अध्यक्षांचेच स्मारक झाले. निनावी पुतळ्यावरही मालकाची पाटी लागते ती अशी.

‘मुलुखगिरी’ यांनी देवीच्या अडचणीविषयी लिहिले आहे ते मला पूर्ण मान्य आहे. त्यात दिल्लीची भर घालतो. इंडिया गेटजवळच्या छत्रीतून पंचम जॉर्ज १९६८ मध्ये निघाला आणि कोरोनेशन पार्कमध्ये गेला. त्यानंतर अर्धशतकाहून अधिक काळ छत्री रिकामी होती. गांधीजींचा पुतळा तिथे बसवावा अशी चर्चा मधूनमधून होत राहिली. सप्टेंबर २०२२ मध्ये नेताजींचा २८ फूट उंचीचा काळ्या ग्रॅनाइटचा पुतळा तिथे आला. नेताजींच्या योग्यतेबद्दल दुमत असण्याचे कारण नाही. तरीही रिकामी छत्री हेच साम्राज्याच्या अंताचे उत्तम स्मारक होते, असे मला वाटत आले आहे. तिथून कोणीतरी गेले आहे, हे ती एकही अक्षर न कोरता सांगत होती.

हडसनतीर

रिकाम्या छत्रीबद्दल असहमत. जागा रिकामी ठेवणे हा निर्णय आहे हे पुढच्या पिढीला कळत नाही, तिला ती फक्त राहून गेलेली कामगिरी वाटते. पीटर गेल्यावर रीगाच्या लोकांनीही ती जागा कायमची मोकळी ठेवली असती, तर १९८७ मध्ये ते फुले घेऊन कुठे गेले असते?

सातवा मजला

मुंबईचे कोणीच काही लिहिले नाही म्हणून लिहितो. हुतात्मा चौकातील स्मारक राष्ट्रीय स्वातंत्र्याचे नाही, ते संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्याचे आहे. पण रूपाच्या दृष्टीने ते या चर्चेत बसते. शेतकरी आणि कामगार, दोघांनी मिळून धरलेली मशाल आणि कोणालाही नाव नाही. नावे आहेत ती हुतात्म्यांची, वेगळी कोरलेली. शेजारीच १८६४ मधले कारंजे आणि त्यावरची रोमन देवी फ्लोरा आजही आहे. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी गोळीबार झाला तो याच परिसरात. तरी फ्लोराला कोणी हलवले नाही, चौकाचे नाव तेवढे बदलले. मूळ सिद्धान्ताला हा एक पुरावा मानावा.

आणि काळा घोडा. सातवा एडवर्ड युवराज असतानाचा, १८७९ मध्ये बसवलेला अश्वारूढ पुतळा १९६५ मध्ये तिथून उचलून जिजामाता उद्यानात नेला गेला. पुतळा गेला, पण ‘काळा घोडा’ हे नाव पन्नासहून अधिक वर्षे तसेच राहिले. २०१७ मध्ये तिथे पुन्हा घोडा बसवला गेला, पण पाठीवर स्वार नाही. जगातल्या बहुतेक चौकांनी राजाला काढून त्याच्या जागी दुसरा कोणी बसवला. आम्ही राजा उतरवला आणि घोडा परत आणला. शेजारून जाणाऱ्या मुंबईकराला विचारले तर स्वार कोण होता हे दहांतल्या नऊ जणांना सांगता येणार नाही, असा माझा अंदाज आहे.

मांडवीकाठ

घोड्याचे पटले. पण हुतात्मा चौकाबद्दल विचारावेसे वाटते: शेतकरी आणि कामगार दोघेही पुरुषच का? संयुक्त महाराष्ट्राच्या आणि गोवामुक्तीच्या आंदोलनांत स्त्रियांनी लाठ्या खाल्ल्या, तुरुंगवास भोगला. युरोपात स्वातंत्र्याला स्त्रीचे रूप दिले आणि स्त्रीला मत दिले नाही. आपण पहिल्याच सार्वत्रिक निवडणुकीत मत दिले आणि चौथऱ्यावर जागा मात्र दिली नाही. १८८६ मध्ये बोटीवरून ओरडणाऱ्या त्या बायकांना यातले कोणते अधिक पसंत पडले असते, हे सांगणे अवघड नाही. तरी पुढचे स्मारक घडेल तेव्हा शिल्पकाराने तिसरी आकृती धरावी, एवढी सूचना इथे नोंदवून ठेवते.